ट्राम आली आणि सुई अलिबागला गेली

वर्गात होकायंत्र फिरवलं की एखादं पोर हटकून विचारतं, सुई उत्तर दाखवते हे कळलं, पण तिला ओढणारा जोर किती? उर्दूत आपण होकायंत्राला कुतुबनुमा म्हणतो, म्हणजे ध्रुव दाखवणारं. दिशा नावातच आली. जोर मात्र वेगळा मोजावा लागतो.

ती रीत जर्मन गणिती गाउस यांनी 1832 मध्ये बसवली. टांगलेलं चुंबक झुलू द्यायचं आणि झोक्याला लागणारा वेळ मोजायचा. क्षेत्र जोरकस असेल तर झोके जलद. पण त्यात चुंबकाची स्वतःची ताकदही मिसळलेली असते. म्हणून तेच चुंबक दुसऱ्या सुईजवळ ठेवून ती किती वळते तेही पाहायचं. दोन मापं हाती आली की दोन्ही ताकदी वेगळ्या काढता येतात.

मुंबईच्या कुलाबा वेधशाळेत 1841 पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी होत होत्या. सप्टेंबर 1859 मध्ये सूर्यावरून आलेल्या वादळात तिथलं आडवं क्षेत्र सुमारे 1600 नॅनोटेस्लांनी घसरलं. आपल्याकडे पृथ्वीचं एकूण क्षेत्र 40 हजार नॅनोटेस्लांच्या थोडं वर आहे, त्यावरून अंदाज करा. हा आकडा माणसांनी डोळ्यांनी वाचून वहीत उतरवला होता. 2003 मध्ये त्या वादळाची तीव्रता ठरवायला शास्त्रज्ञांनी त्याच नोंदी काढल्या.

मग मुंबईत विजेच्या ट्रामचं ठरलं. विद्युत क्षेत्र व्होल्ट प्रति मीटरमध्ये मोजतात. ते तारेतले भार ढकलतं आणि प्रवाह वाहतो. प्रवाह वाहिला की भोवती चुंबकीय क्षेत्र तयार होतं, हे ऑर्स्टेड यांनी 1820 मध्येच दाखवलं होतं. ट्रामचा प्रवाह रुळांतून परततो, थोडा जमिनीतही झिरपतो. नाजूक सुईला पृथ्वी कोणती आणि ट्राम कोणती, कसं कळणार?

वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक नानाभाई मूस यांनी ट्राम अडवायचा हट्ट धरला नाही. त्यांनी खाडीपलीकडचं अलिबाग निवडलं आणि तिथे लोखंड टाळून इमारत उभारली. मला थोर वाटते ती पुढची गोष्ट: 1904 ते 1906 दोन्ही ठिकाणी एकाच वेळी मोजणी चालू ठेवली. दोन जागांतला फरक त्यातून कळला, म्हणून 1841 च्या वहीला आजच्या नोंदी जोडता येतात. ट्राम 1907 मध्ये धावू लागली आणि 1964 मध्ये बंद पडली. अलिबागला मोजणी अजून चालू आहे.