उद्योगनेतृत्व आणि धर्मादाय नेतृत्व : संक्रमणाचे विवेचन

प्रथम संज्ञा निश्चित करू. भागधारकांच्या भांडवलाचा आणि कामगारांच्या श्रमाचा विनियोग संचालक मंडळाने दिलेल्या अधिकारात करतो, तो कार्यकारी अधिकारी. ज्या मालमत्तेचा उपभोग स्वतःला घेता येत नाही तिचे लाभार्थ्यांसाठी रक्षण करतो, तो विश्वस्त. दोघेही परधनाचे रक्षक आहेत. या साम्यामुळेच पहिल्या पदावर यशस्वी झालेली व्यक्ती दुसऱ्या पदावरही यशस्वी होईल असे गृहीत धरले जाते. हे गृहीत तपासणे हा या लेखाचा विषय आहे.

दोन्ही पदांत तीन भेद आहेत. (1) उत्तरदायित्वाचा : अधिकाऱ्याला जाब विचारणारा भागधारक समोर असतो, विश्वस्ताला जाब विचारण्याची शक्ती लाभार्थ्याकडे बहुधा नसते, म्हणून ते कार्य कायद्याने धर्मादाय आयुक्तांकडे सोपवले आहे. (2) मापनाचा : नफा हे एकच माप सर्व विभागांना लागू होते, शाळा किंवा रुग्णालय यांना असे एकच माप नाही. (3) निर्गमनाचा : तोट्यातील उद्योग बंद करणे हा सुज्ञ निर्णय ठरू शकतो. शाळेबाबत तो तसा सहसा ठरत नाही, कारण तिच्यातील मुलांचे शिक्षण अर्धवट राहते. तिन्हींत हा भेद सर्वाधिक निर्णायक आहे.

संक्रमणाचे तीन प्रकार संभवतात. पहिल्यात उद्योगच संस्थेला आधार देतो. शहाडच्या सेंच्युरी रेयॉनशी संबंधित बिर्ला समूहाच्या आश्रयाने कल्याणमध्ये 1972 साली बिर्ला महाविद्यालय स्थापन झाले. दुसऱ्यात उद्योजक कुटुंबाचे नाव संस्थेशी जोडले जाते. 1952 साली विको सुरू करणारे केशव विष्णु पेंढरकर यांचे नाव डोंबिवलीतील महाविद्यालय धारण करते आणि विकोचा कारखानाही त्याच शहरात आहे. तिसऱ्यात व्यक्ती स्वतः एका क्षेत्रातून दुसऱ्यात जाते.

पहिल्या प्रकाराचे सर्वांत बोधप्रद उदाहरण ठाण्याचे आहे. 1925 मध्ये सुरू झालेली रेमंडची गिरणी 1944 मध्ये सिंघानियांकडे आली. 1969 मध्ये तिच्या परिसरात सुलोचनादेवी सिंघानिया शाळा निघाली. पुढे गिरणी थांबली आणि तिच्या जमिनीवर निवासी इमारती उभ्या राहिल्या. शाळा मात्र चालू आहे. यावरून एक गोष्ट सिद्ध होते. संस्थेचे आयुर्मान तिला जन्म देणाऱ्या उद्योगाच्या आयुर्मानावर अवलंबून असलेच पाहिजे असे नाही. मात्र तसे होण्यासाठी संस्थेची मालमत्ता, घटना आणि उत्पन्न यांना कारखान्यापासून स्वतंत्र अस्तित्व असावे लागते. ही पूर्वव्यवस्था करणे हे संस्थापक अधिकाऱ्याचे प्रधान कर्तव्य होय. देणगीची रक्कम हा त्यानंतरचा प्रश्न आहे.

तिसऱ्या प्रकाराचे परिपूर्ण उदाहरण ठाणे जिल्ह्याबाहेर, पुण्यात आढळते. अनु आगा यांचे पदव्युत्तर शिक्षण टाटा समाजविज्ञान संस्थेत, समाजकार्य विषयात झाले. थरमॅक्स या कंपनीत त्यांनी मनुष्यबळ विभाग सांभाळला. 1996 मध्ये पती रोहिंटन यांच्या निधनानंतर त्या अध्यक्ष झाल्या. कंपनी अडचणीत आल्यावर बाहेरचे सल्लागार आणून त्यांनी संचालक मंडळाची पुनर्रचना केली आणि 2004 मध्ये अध्यक्षपद कन्या मेहेर पुदुमजी यांच्याकडे सोपवले. आकांक्षा आणि टीच फॉर इंडिया या शिक्षणसंस्थांमधील त्यांचे कार्य यानंतर अधिक विस्तारले. या कारकिर्दीतील क्रम लक्षणीय आहे : आधी समाजकार्याचे शिक्षण, मग उद्योगातील मंडळाची शिस्त, मग सत्ता सोडण्याचा अनुभव आणि शेवटी धर्मादाय नेतृत्व. यांतील सत्तात्यागाची पायरी ज्याने गाळली, तो संस्थेतही कारखान्याचा मालक म्हणून वागतो, असे माझे मत आहे.

2013 च्या कंपनी कायद्याच्या कलम 135 ने ठरावीक आकाराच्या कंपन्यांना मागील तीन वर्षांच्या सरासरी निव्वळ नफ्याचे 2 टक्के सामाजिक कार्यावर खर्च करणे बंधनकारक केले. त्यामुळे पैसा आणि पैशाचा हिशोब मागणारा अधिकारी, दोघेही संस्थांच्या दारी आले. परंतु महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 या कायद्याचे ज्ञान त्यांच्याबरोबर आले असे नाही. विश्वस्त बदलल्यावर कलम 22 खाली 90 दिवसांत बदल अर्ज द्यावा लागतो. स्थावर मालमत्ता विकण्यापूर्वी कलम 36 खाली धर्मादाय आयुक्तांची मंजुरी घ्यावी लागते. लेखापरीक्षण वेळेवर करून घ्यावे लागते. यातील एक जरी कर्तव्य राहिले तरी उत्तम हेतूची संस्था वर्षानुवर्षे वादात अडकू शकते.

ठाणे, कल्याण आणि डोंबिवली येथे रासायनिक, अभियांत्रिकी व बँकिंग क्षेत्रांतून निवृत्त झालेले अधिकारी पुष्कळ आहेत. त्यांना संस्थेत जायचे असेल तर अध्यक्षपद मागू नये. चिटणीस किंवा खजिनदार व्हावे, जुने बदल अर्ज आणि ताळेबंद स्वतः वाचावेत, आणि आपला उत्तराधिकारी पहिल्याच वर्षी शोधण्यास लागावे.