मावळातले गहाण: मुद्दल, व्याज आणि मुदत

मावळात घर किंवा जमीन गहाण टाकून पैसा उभा करण्याची रीत गेल्या दीडशे वर्षांत तीनदा पालटली. आधी सावकाराचे खत होते, मग सोसायटीचा सातबाऱ्यावरचा बोजा आला आणि शेवटी बँकेचे गृहकर्ज. दर प्रत्येक वेळी खाली आला. तरी शेकड्याला किती व्याज एवढ्यावरून कर्ज किती महाग पडणार याचा अंदाज यापैकी कोणत्याच रीतीत बांधता आला नाही. खर्चाचा मोठा वाटा खतातल्या अटींत आणि मुदतीच्या लांबीत असे.

मावळचे मुख्य पीक एकच, भात. पावसाळ्यात धो धो पाऊस आणि पुढचे आठ महिने खाचरे कोरडी; डोंगरउतारावरच्या वरकस जमिनीत नाचणी-वरी. आवणीच्या आधी घरातले धान्य संपे, तेव्हा बी आणि पोटगीसाठी सावकाराकडून भात उचलावे लागे. सुगीला ते सवाईने किंवा दिढीने परत जाई, म्हणजे मणाला सव्वा मण किंवा दीड मण. सहा महिन्यांत निम्मा भार चढला तरी त्याला व्याज म्हणत नसत. तो गावचा रिवाज होता. रोख पैसा लागे तो सरकारी सारा, बैल आणि लग्न यांसाठी. साऱ्याचे हप्ते ठरल्या तारखेला रोखीने भरायचे आणि भाताला भाव यायचा त्यानंतर, ही अडचण तर दरसालची.

पेशवाईतही कर्जे होती, तगादे होते, दाराशी धरणे धरून बसणारे सावकारही होते. पण वसुलीचा निवाडा पंचायतीपुढे होई आणि मिरासीची, म्हणजे वंशपरंपरेच्या हक्काची, जमीन सहजासहजी परक्याच्या नावावर चढत नसे. इंग्रजी अमलात रयतवारी पद्धतीने जमीन खातेदाराच्या नावावर लागली, ती विकता येऊ लागली, म्हणून तारण म्हणूनही चालू लागली. 1855 च्या कायद्याने व्याजदरावरची जुनी बंधने उठली. 1859 च्या मुदतीच्या कायद्याने साध्या खतावर दावा लावण्याची मुदत तीन वर्षांवर आणली. ही तरतूद ऋणकोच्या सोयीची वाटते, पण झाले उलटेच.

हिंदू कायद्यात दामदुपटीचा जुना दंडक होता आणि मुंबई इलाख्यातली न्यायालये तो मानत: कोणत्याही एका वेळी थकलेले व्याज मुद्दलाच्या वर मागता येत नाही. पण दर तीन वर्षांनी खत नवे करायचे म्हटले की थकलेले व्याज नव्या खतात मुद्दल होऊन बसे आणि दामदुपटीची मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू होई. दरमहा दरशेकडा दोन रुपये हा त्या काळी सर्रास आढळणारा दर धरू. शंभर रुपयांवर तीन वर्षांत बहात्तर रुपये व्याज, म्हणून नवे खत एकशे बहात्तरचे. पुढच्या तीन वर्षांनी ते जवळजवळ 296 चे आणि नवव्या वर्षाअखेर 509 चे. एकच खत नऊ वर्षे चालले असते तर दामदुपटीने सावकाराचे मागणे दोनशेवर थांबले असते. उरलेले तीनशे रुपये खत बदलण्याने निर्माण झाले, आणि दर शेवटपर्यंत दोन रुपयेच राहिला.

जमीन किंवा घर तारण असेल तर त्याचे तीन प्रकार. नजरगहाणात ताबा ऋणकोकडेच राही. ताबेगहाणात जमीन सावकाराकडे जाई आणि पुष्कळदा तीच जमीन तिचा मूळ मालक अर्धेलीने कसू लागे. पिकाचा निम्मा वाटा ‘व्याजाबद्दल’ लिहिलेला असल्याने वीस वर्षे भात घातले तरी मुद्दलातला एक रुपया फिटत नसे. तिसरा प्रकार गहाणलहानचा: अमुक मुदतीत पैसे न फिटल्यास हेच खत खरेदीखत समजावे. 1864 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात मुदत टळली तरी गहाण सोडवण्याचा हक्क बुडत नाही असा निर्णय दिला. त्यावर सावकारांनी तोड काढली. मुळातच साधे खरेदीखत करून घ्यायचे आणि पैसे आले की जमीन परत देऊ, असा तोंडी शब्द द्यायचा. कागदावर गहाण उरलेच नाही, म्हणजे ते सोडवण्याचा प्रश्नही उरला नाही.

12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात शेतकऱ्यांनी सावकारांची खते हिसकावून जाळली. दंग्याचा भर जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या कोरड्या भागात आणि नगर जिल्ह्यात होता, मावळात नव्हे; पण त्यातून आलेला 1879 चा डेक्कन शेतकरी साहाय्य कायदा पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चारही जिल्ह्यांना, म्हणून मावळालाही, लागू झाला. न्यायाधीशाने खताच्या आकड्यावर न थांबता व्यवहाराच्या उगमापर्यंत जाऊन हिशेब मांडायचा, मुद्दल वेगळे, व्याज वेगळे, असे या कायद्याने सांगितले. कर्जापायी शेतकऱ्याला अटक करणे बंद झाले, नोंदणीकृत खतांची मुदत बारा वर्षांपर्यंत वाढली. महादेव गोविंद रानडे 1887 मध्ये याच कायद्याखालचे विशेष न्यायाधीश झाले. 1907 च्या दुरुस्तीने कलम 10 अ आले आणि खरेदीखत हे खरे तर गहाण होते, असा तोंडी पुरावा देण्याची मुभा मिळाली. वसाहतकाळातल्या कायद्यांत कर्जाचा खरा खर्च शोधण्याचा इतका प्रामाणिक प्रयत्न क्वचितच दिसतो.

कायद्याचे संरक्षण मात्र मुख्यतः शेतीवर पोट असणाऱ्यालाच. खंडाळा ते पुणे हा लोहमार्ग 1858 मध्ये सुरू झाला, 1863 मध्ये बोरघाटाचा मार्ग खुला होऊन मुंबई जोडली गेली आणि लोणावळ्याचे रूप बदलले. 1877 मध्ये तेथे नगरपालिका आली. रेल्वेचे नोकर, दुकानदार, ठेकेदार यांची वस्ती वाढली आणि मुंबईच्या धनिकांचे बंगले उठले. बाजारपेठेतल्या दुकानदाराने घर गहाण टाकले तर तो या कायद्याच्या व्याख्येत बसत नसे.

बंगलेवाल्याची गोष्ट आणखी निराळी. मुंबईसारख्या ठरावीक शहरांत केवळ मिळकतीचे मूळ दस्तऐवज सावकाराच्या हाती ठेवले की गहाण पुरे होई. खत लिहायला नको, नोंदायला नको. पाहायचे ते कागद कोठे दिले एवढेच. मिळकत कोठेही असो. त्यामुळे लोणावळ्याच्या बंगल्याचे कागद मुंबईच्या फोर्टात ठेवून एका दुपारी कर्ज मिळे, तर कार्ल्याच्या किंवा कामशेतच्या शेतकऱ्याला शंभर रुपयांसाठी स्टॅम्प, लेखनावळ, साक्षीदार आणि नोंदणी कचेरीची फेरी हे सगळे सोसावे लागे.

जुन्या गहाणाची सगळ्यात मोठी किंमत मुळशीत दिसली. टाटांची जलविद्युत योजना लोणावळ्याच्या तलावांनी सुरू झाली आणि 1915 मध्ये खोपोलीचे वीजघर चालू झाले. पुढचे धरण मुळा-निळा संगमाजवळ ठरले. त्या खोऱ्यातल्या पुष्कळ जमिनी तोवर पुण्याच्या सावकारांकडे गेल्या होत्या आणि मावळे त्या कुळ म्हणून कसत होते. 16 एप्रिल 1921 रोजी मुळशी सत्याग्रह सुरू झाला, सेनापती बापट त्याचे अग्रणी ठरले. नुकसानभरपाईचा प्रश्न आला तेव्हा मालकी कोणाच्या नावावर आहे हेच निर्णायक ठरले, आणि जमीन गेल्यावर विस्थापित होणारा व पैसा घेणारा ही अनेकदा दोन वेगळी माणसे निघाली. आजोबाने बैलासाठी किंवा लग्नासाठी काढलेल्या कर्जाची अशी परतफेड कोणत्याही खतात लिहिलेली नव्हती. गहाण सोडवण्याचा हक्क त्या काळी साठ वर्षे टिके, म्हणजे नातवालाही तो बजावता येई. पण खत खरेदीचे असेल तर त्या साठ वर्षांचा उपयोग काय?

पुढचा टप्पा सहकाराचा. 1904 च्या कायद्याने पतपेढ्या आल्या, 1935 मध्ये मुंबई प्रांताची भूतारण बँक उभी राहिली. तिचेच वारस पुढे भूविकास बँक म्हणून ओळखले गेले. 1939 आणि 1947 च्या कर्जनिवारण कायद्यांनी जुनी देणी कमी केली, 1946 च्या कायद्याने सावकाराला परवाना लागू लागला आणि 1 एप्रिल 1957 च्या कृषकदिनाने कसणारी कुळे मालक मानली गेली. सोसायटीचे कर्ज स्वस्त होते. त्याचा खर्च सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात बसे. तेथे बोजा चढला की कर्ज फिटूनही, दाखला नेऊन फेरफार करून घेतल्याशिवाय तो उतरत नाही. पुढे जमीन विकताना किंवा नवे कर्ज काढताना हा जुना बोजा वाटेत आडवा येतो.

घरासाठी दीर्घ मुदतीचे कर्ज ही कल्पना मध्यमवर्गात रुजली ती 1977 मध्ये मुंबईत हसमुखभाई पारेख यांनी एचडीएफसी स्थापन केल्यावर. 1978 मध्ये पुणे-लोणावळा लोकल सुरू झाली, 2002 मध्ये द्रुतगती मार्ग पूर्ण झाला. तळेगाव, वडगाव, कामशेत येथे पुण्या-पिंपरीत नोकरी करणाऱ्यांची घरे झाली आणि लोणावळ्यात मुंबईकरांची सुट्टीतली. भाताच्या खाचरांचे एनए, म्हणजे बिगरशेती, प्लॉट झाले. बंगलेवाल्यांची मूळ कागद ठेवण्याची रीत आता सगळ्याच कर्जदारांची झाली आहे. महाराष्ट्रात 2013 पासून अशा गहाणाची सूचना तीस दिवसांत नोंदणी कार्यालयात द्यावी लागते.

समान हप्त्याच्या कर्जाचा हिशेब एकदा मांडून पाहावा. तळेगावात फ्लॅटसाठी 30 लाख रुपये, 9 टक्के, 20 वर्षे. हप्ता 26,992 रुपये. पहिल्या महिन्यात त्यातले 22,500 व्याजाचे आणि मुद्दलात जातात फक्त 4,492. दहा वर्षांत 32 लाख 39 हजार भरून झाल्यावरही 21 लाख 30 हजारांच्या आसपास मुद्दल उभेच असते. वीस वर्षांअखेर एकूण भरणा 64 लाख 78 हजार, व्याज 34 लाख 78 हजार. महाराष्ट्राच्या 2014 च्या सावकारी नियमन कायद्याने परवानाधारक सावकाराला मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करता येत नाही. बँकेला तो दंडक लागू नाही. उलट 1984 पासून बँकेचा दर जाचक आहे या कारणावरून न्यायालयाला हिशेब उकरताही येत नाही. अर्थात ही तुलना एकतर्फी करू नये. वीस वर्षे पैसा वापरायला मिळतो, रुपयाची किंमत घसरत जाते आणि शेवटच्या वर्षाचा हप्ता पगाराच्या मानाने पहिल्याइतका जड वाटत नाही. पण दहाव्या वर्षी फ्लॅट विकायची वेळ आली तर ही समजूत फारशी कामाची नसते.

बदलत्या दराचे कर्ज हे जुन्या खताच्या नूतनीकरणाचे नवे रूप. रेपो दर मे 2022 च्या सुरुवातीला 4 टक्के होता, तो फेब्रुवारी 2023 मध्ये साडेसहा झाला. समजा साडेसहा टक्क्यांनी 30 लाख घेतले, हप्ता 22,367. वर्षभरात मुद्दल 29 लाख 24 हजारांवर आले आणि दर 9 टक्के झाला. महिन्याचे व्याज 21,930. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात 437 रुपये जातील आणि कर्ज फिटायला आणखी जवळजवळ 44 वर्षे लागतील. पुष्कळांना हप्ता वाढला नाही याचेच समाधान होते. मुदत वाढल्याचे पत्र कोण वाचतो! ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हा पर्याय कर्जदाराला द्या आणि हप्त्यात निदान व्याज तरी भागलेच पाहिजे, असा आदेश काढला. वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना 2012 पासूनच घेता येत नाही. हप्त्यात सुरुवातीला व्याजाचाच वाटा मोठा असल्याने पहिल्या पाच-सात वर्षांत जास्तीचे भरलेले पैसे सर्वांत जास्त व्याज वाचवतात.

कर्ज थकले तर 2002 च्या सरफेसी कायद्याने बँक न्यायालयात न जाता, साठ दिवसांची नोटीस देऊन ताबा घेऊ शकते. हा कायदा शेतजमिनीला लागू नाही. मावळात एकाच बांधाच्या दोन बाजूंना त्यामुळे वेगळा न्याय लागतो: भाताच्या खाचरावर तो चालत नाही, शेजारच्या एनए प्लॉटवरच्या बंगल्यावर चालतो.

शेवटचा हप्ता भरला म्हणजे गहाण सुटले असे नव्हे. ना-देय दाखला घ्यावा लागतो, नोंदणी कार्यालयातली सूचना रद्द करून घ्यावी लागते, गृहनिर्माण सोसायटीच्या दप्तरातली बँकेची नोंद काढावी लागते. मूळ दस्तऐवज परत मिळायला पूर्वी महिनोन्‌महिने लागत. 1 डिसेंबर 2023 पासून ते पूर्ण फेडीनंतर तीस दिवसांत देणे बँकेवर बंधनकारक आहे आणि उशीर झाल्यास दिवसाला 5,000 रुपये भरपाई कर्जदाराला मिळते.