उपासाच्या ताटातील शब्दांची कुळकथा

घराण्याला जशी कुळकथा असते, तशी शब्दांनाही असते. माझे शिक्षण सातवी इयत्तेपर्यंतचे. 'व्युत्पत्ती' हा शब्द उच्चारतानाच जीभ अडखळते. पण कृष्णाजी पांडुरंग कुलकर्णी यांचा १९४६ साली निघालेला 'मराठी व्युत्पत्ति कोश' चाळायला मिळाला, आणि तेव्हापासून फडताळातील डबे मला बोलके वाटू लागले.

एकादशीचे ताटच घेऊ या. त्यात बटाट्याची भाजी असते. माझी धाकटी जाऊ नागपूरकडची. नवी आली तेव्हा ती "आलू चिरू का?" असे विचारी, आणि घरात हशा पिके. "मराठीत बटाटा म्हणतात हो!" असे तिला ऐकवले जाई. बिचारी पुढे पुढे चारचौघांत बोलेनाशीच झाली.

आता पंडित काय म्हणतात ते पाहा. ते नुसत्या नावावर विसंबत नाहीत. वस्तू मूळची कुठली, ती कोणत्या वाटेने आली, जुन्या लिखाणात तिचे नाव कसे आढळते, हे सारे पडताळतात. बटाटा हा दक्षिण अमेरिकेतील डोंगराळ मुलुखातला. कोलंबस १४९२ साली तिकडे पोचला, त्यानंतरच तो इतर देशांत गेला. 'बटाटा' हे नाव कॅरिबियन बेटांवरील टाइनो लोकांचे, आणि गंमत अशी, की ते मुळात रताळ्याचे! पोर्तुगीजांनी १५१० साली गोवा घेतले. त्यांच्या बोलीतून हा शब्द आपल्या किनाऱ्याला लागला. उलट 'आलू' आला तो संस्कृत 'आलु' म्हणजे कंद, यावरून. कंद परका, पण नाव घरचे. म्हणजे ज्या शब्दाला हसत होते, तोच इथला जुना रहिवासी!

मिरचीचेही तसेच. मिरची अमेरिकेतून आली, पण नाव मात्र संस्कृत 'मरिच' म्हणजे काळी मिरी, यावरून पडले. तिखट ते तिखट, म्हणून जुने नाव नव्या पाहुणीला दिले. तेव्हा नाव जुने म्हणून वस्तूही जुनी, असे समजून चालत नाही. साबुदाण्यातील 'साबू' हा मलय भाषेतील 'सागू'. तिकडे एका ताडासारख्या झाडाच्या गाभ्याचे पीठ काढतात, त्याचे हे नाव. आपल्याकडे तमिळनाडूतील सेलमहून येणारा साबुदाणा मात्र कसाव्याच्या कंदाचा असतो, आणि तो कंदही मूळचा अमेरिकेचाच.

फराळ झाल्यावर हात धुवायला साबण घेतला, की पंडितांचे भांडण सुरू! गोव्यातील आसगावचे मोन्सिन्योर दाल्गादु यांनी आशियाई भाषांतील पोर्तुगीज शब्दांवर १९१३ साली मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. अशा अभ्यासामुळे चावी, पगार यांसारख्या शब्दांचे माहेर पक्के कळते. पण 'साबण' अडून बसतो. पोर्तुगीजांत 'साबांव' आहे, तसा अरबी-फारसीत 'साबून'ही आहे. एक पक्ष म्हणतो, शब्द समुद्रावरून आला. दुसरा म्हणतो, पोर्तुगीजांच्या आधीच फारसी बोलणाऱ्या राज्यकर्त्यांबरोबर आला. दोन्ही शब्दांची आजी एकच, लॅटिन 'सापो'. मग नात कोणत्या मामाच्या घरून आली, हे ठरवायचे कसे? नुसते तोंडावळे जुळून भागत नाही, पुरावा लागतो.

काही भगिनी विचारतील, 'मग आमचा उपास मोडला की काय?' मला तसे वाटत नाही. व्रत मनाच्या निग्रहात आहे. परक्या कंदाला आपण देवापुढच्या ताटात जागा दिली, हे आपल्या घराचे मोठेपणच.

आपल्या मंडळात कोकणच्या, देशावरच्या, वऱ्हाडच्या अशा साऱ्या जणी आहेत. एखादीच्या तोंडून वेगळा शब्द निघाला, तर तिला हसू नका. तो कुठून आला, हे तिच्याजवळ बसून विचारा. कोशात न सापडणारी एखादी कुळकथा तिच्या आजीला ठाऊक असेल.