भोळे, ज्योत्स्ना

(११ मे १९१४ – ५ ऑगस्ट २००१). मराठी रंगभूमीवरील गायक-अभिनेत्री व भावगीतगायिका. माहेरचे नाव दुर्गा केळेकर. ‘आंधळ्यांची शाळा’मधील बिंबा आणि ‘कुलवधू’मधील भानुमती या त्यांच्या दोन भूमिका मराठी नाटकाच्या इतिहासात कायमच्या नोंदल्या गेल्या आहेत. नाटकातले पद म्हणजे कथानक थांबवून केलेली छोटी मैफल, अशी सवय प्रेक्षकांच्या कानांना लागलेली होती. ज्योत्स्नाबाई गाऊ लागल्या, की पात्राचे बोलणेच सुरांत चालू राहिले आहे असे वाटे. त्यांचे खरे कर्तृत्व हे आहे.

त्यांचा जन्म गोव्यातील बांदिवडे येथे झाला. महालक्ष्मी आणि नागेशी यांच्या देवळांचा हा फोंडा महालातला गाव. घरात गाणे होतेच. थोरली बहीण गिरिजाबाई केळेकर याही गायिका होत्या. लहानपणीच मुंबईला आल्यावर शाळेपेक्षा गाण्याची तालीम अधिक झाली. आग्रा घराण्याच्या उस्तादांकडे त्या शिकल्या. मुंबई रेडिओ तेव्हा नवा होता आणि त्यावरून या मुलीचा आवाज घरोघर जाऊ लागला होता. १९३२ मध्ये संगीतकार व संगीतसमीक्षक केशवराव भोळे यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि दुर्गाच्या ज्योत्स्नाबाई झाल्या. केशवराव वयाने बरेच मोठे, ‘एकलव्य’ आणि ‘शुद्धसारंग’ या टोपणनावांनी लिहिणारे, शब्दांचा भाव सांभाळणाऱ्या गाण्याचे कट्टर पुरस्कर्ते. घराण्याच्या तालमीत कमावलेल्या गळ्याला कमी स्वरांत पुष्कळ सांगण्याची शिस्त त्यांच्यामुळे लागली.

त्या सुमारास नाटकधंद्याचे दिवस फिरले होते. १९३२ मध्ये मराठी बोलपट आला आणि एकामागून एक नाटक मंडळ्या मोडू लागल्या. स्त्रीभूमिका पुरुषांनीच करायची रूढी बालगंधर्वांच्या तेजामुळे टिकून होती. स्त्रियांच्या स्वतंत्र मंडळ्या होऊन गेल्या होत्या, हिराबाई बडोदेकरांनी १९२९ पासून स्वतःची संस्था चालवून दाखवली होती. तरी घरंदाज बाईने रंगमंचावर उभे राहणे समाजाला सहज मानवत नव्हते.

अशा वेळी ‘नाट्यमन्वंतर’ ही संस्था निघाली. श्री. वि. वर्तक, के. नारायण काळे, अनंत काणेकर, पार्श्वनाथ आळतेकर, केशवराव दाते आणि स्वतः केशवराव भोळे अशी मंडळी तीत होती. नॉर्वेचे नाटककार ब्यर्नसन यांच्या नाटकावरून वर्तकांनी लिहिलेल्या ‘आंधळ्यांची शाळा’चा पहिला प्रयोग १ जुलै १९३३ रोजी मुंबईत झाला. रंगवलेल्या पडद्यांच्या जागी दारेखिडक्या असलेली खरीखुरी खोली, संवाद बोलीतले, गाणी मोजकीच. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. वर्तकांच्या पत्नी पद्माबाईही त्यात होत्या. लग्नाआधीच्या शुद्धतेची अट बाईलाच का, पुरुषाला का नाही, असा रोकडा प्रश्न या नाटकात होता. तो विचारणारी बिंबा म्हणजे एकोणीस वर्षांच्या ज्योत्स्नाबाई. हा प्रश्न एका स्त्रीच्या तोंडून, तिच्याच आवाजात प्रेक्षकांपर्यंत गेला, हे नाटकाच्या नवेपणातले सर्वांत मोलाचे अंग होते असे म्हटले पाहिजे. नेपथ्याची चर्चा पुष्कळ झाली आहे. या गोष्टीची तितकी होत नाही.

‘नाट्यमन्वंतर’ फार काळ टिकली नाही. केशवराव प्रभात फिल्म कंपनीचे संगीत दिग्दर्शक झाले, ‘संत तुकाराम’, ‘कुंकू’ हे चित्रपट झाले, आणि भोळ्यांचा संसार पुण्यात रुजला.

रंगभूमीवर त्यांचा खरा बहर आला तो मो. ग. रांगणेकरांच्या ‘नाट्यनिकेतन’मध्ये. ‘आशीर्वाद’ (१९४१) पाठोपाठ २२ ऑगस्ट १९४२ रोजी ‘कुलवधू’ रंगमंचावर आले. कथेवर इब्सेनच्या ‘अ डॉल्स हाउस’ची छाया आहे, पण भानुमती मराठी मध्यमवर्गीय घरातली सून आहे. ती कर्ती आहे, प्रेमळ आहे, आणि मान राहत नाही असे दिसताच घराबाहेर पाऊल टाकण्याइतकी खंबीरही आहे. ज्योत्स्नाबाईंची भानुमती आक्रस्ताळी नव्हती, म्हणूनच ती प्रेक्षकांतल्या सासवासुनांना परकी वाटली नाही. रांगणेकरांच्या आटोपशीर, तीन अंकी नाटकात पल्लेदार गायकीला जागाच नव्हती. मास्टर कृष्णरावांनी त्या मापाच्या चाली दिल्या आणि ज्योत्स्नाबाईंनी त्यांत जीव ओतला.

‘कुलवधू’मधल्या ‘बोला अमृत बोला’ची ध्वनिमुद्रिका आजही ऐकावी. जेमतेम तीन मिनिटांचे गाणे. ‘बोला’ हा शब्द फिरून फिरून येतो आणि दर वेळी निराळा लागतो: कधी आर्जव, कधी लाडिक हट्ट, कधी नुसता आनंद. जागा आहेत, पण शब्द मोडून घेतलेली एकही नाही. स्वर उघडा, किंचित अनुनासिक, उच्चार लख्ख. आग्र्याची तालीम त्यांनी कुठेही मिरवली नाही. ती दिसते फक्त स्वराच्या ठामपणात.

पुढे ‘एक होता म्हातारा’, ‘कोणे एके काळी’, ‘रंभा’ या रांगणेकरांच्या नाटकांत त्यांनी कामे केली. मामा वरेरकरांच्या ‘भूमिकन्या सीता’मध्ये त्या ऊर्मिला झाल्या. नवरा वनवासाला गेल्यावर राजवाड्यात मागे राहिलेल्या, फारसे कुणी न विचारलेल्या या बाईचे दुःख स्नेहल भाटकरांच्या चालींतून त्यांनी गायिले. त्यांच्या पूर्वीच्या भूमिकांहून ही भूमिका शांत, आणि कदाचित म्हणूनच अधिक अवघड होती.

भावगीताच्या पहिल्या पिढीतही त्यांचे स्थान वरचे आहे. अनंत काणेकरांच्या कोळीगीताला केशवरावांनी दिलेली चाल त्यांनी लोकप्रिय केली. राजा बढे यांचे शब्द आणि पु. ल. देशपांडे यांचे संगीत असलेले ‘माझिया माहेरा’ हे गाणे तर त्यांच्या नावापासून वेगळे काढता येत नाही. पाखराकडून माहेरी निरोप धाडणारी त्यातली सासुरवाशीण म्हणजे एक छोटी भूमिकाच आहे. समोर रंगमंच नाही, वेषभूषा नाही, तरी ती आवाजातून दिसते.

संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना १९७६ मध्ये मिळाला. केशवराव १९६७ मध्ये गेले. त्यानंतर तीन दशकांहून अधिक काळ ज्योत्स्नाबाईंचे वास्तव्य पुण्यातच होते आणि तेथेच त्यांचे निधन झाले. टिळक रस्त्यावर हिराबागेजवळ त्यांच्या नावाचे सभागृह आहे. ते आकाराने लहान आहे. तिथे नाटकांचे प्रयोग होतात आणि गाण्याच्या बैठकीही.