शिवनेरीची लेणी, भीमेकाठचा स्तंभ आणि राष्ट्राचे पौरुष

मंचर-घोडेगावकडून भीमाशंकराकडे जाणाऱ्या वाटेवर तळेघर हे गाव लागते. भातखाचरे, हिरड्याची झाडे आणि महादेव कोळी समाजाची वस्ती असलेला हा आंबेगाव तालुक्याचा डोंगराळ पश्चिम पट्टा आहे. येथून उत्तरेच्या बाजूस जुन्नर व तेथील बौद्ध लेणी आहेत. दुसऱ्या बाजूस भीमाशंकरी भीमा नदी उगम पावते आणि हीच नदी पुढे कोरेगावच्या विजयस्तंभाजवळून वाहते. एवढ्या लहानशा टापूत महाराष्ट्राच्या इतिहासातील तीन स्मृती एकत्र आल्या आहेत: धम्माची, कोळ्यांच्या बंडाची आणि महार सैनिकांच्या पराक्रमाची. परंतु ‘राष्ट्राचा पुरुषार्थ’ म्हणून जो इतिहास आम्हांस शिकविला गेला, त्यात या तिन्ही स्मृतींना मानाचे स्थान मिळाले नाही. असे का घडले, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

पौरुषाचे माप कोणी घडविले?

राष्ट्र आणि पौरुष यांची सांगड ही फार प्राचीन गोष्ट नव्हे. १८०६ साली नेपोलियनने प्रशियाचा पराभव केला. त्यानंतर १८११ साली फ्रीडरिश लुडविग यान याने बर्लिनमध्ये खुली व्यायामशाळा काढली आणि तरुणांची शरीरे घडवून राष्ट्र घडविण्याचा विचार तेथे रुजला. पुढे युरोपभर हा विचार पसरला. ज्याचे शरीर बलदंड तो राष्ट्राचा खरा पुत्र, आणि जे राष्ट्र बलदंड तेच इतरांवर राज्य करण्यास लायक, असे समीकरण बनले.

इंग्रजांनी हेच माप हिंदुस्थानास लावले. मेकॉलेने बंगाली माणसाला दुबळा व बायकी ठरविले. या निंदेत दोन अपमान होते. एक हिंदी पुरुषाचा, आणि दुसरा, ज्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही, तो समस्त स्त्रीजातीचा; कारण ‘स्त्रीसारखा’ असणे हीच शिवी मानली गेली होती. येथील सुशिक्षित उच्चवर्णीयांनी या निंदेचा प्रतिकार केला. मात्र माप नाकारले नाही. “आम्हीही तुमच्याइतकेच पुरुष आहोत,” एवढेच त्यांनी सिद्ध करावयाचे ठरविले.

या वृत्तीचा परिणाम १८९१ साली दिसून आला. मुलींच्या संमतिवयाची मर्यादा दहावरून बारा वर्षे करणारा कायदा सरकारने आणला, तेव्हा लोकमान्य टिळकांनी त्यास विरोध केला. परकीय सरकारने आमच्या घरात हात घालू नये, हा त्यांचा मुद्दा होता. म्हणजे राष्ट्राचा स्वाभिमान राखण्याचा भार दहा-अकरा वर्षांच्या मुलीच्या देहावर टाकला गेला. १८९६ साली रायगडावर शिवोत्सव साजरा झाला. ज्या शिवरायांस जोतीराव फुल्यांनी १८६९ च्या पोवाड्यात कुळवाड्यांचा राजा म्हणून गौरविले होते, त्यांची प्रतिमा आता वेगळ्या चौकटीत बसविली जाऊ लागली. पुढे डॉ. मुंजे १९३१ साली इटलीत मुसोलिनीस भेटून आले आणि १९३७ साली त्यांनी नाशकात भोसला सैनिकी विद्यालय उभारले. युरोपातील तालीम अशी आमच्या दारापर्यंत पोहोचली.

लढाऊ कोण आणि न-लढाऊ कोण?

शौर्य हे रक्तात असते, असे या काळात ठामपणे सांगितले गेले. इंग्रजांनी तर ‘लढाऊ जाती’ व ‘न-लढाऊ जाती’ अशा याद्याच केल्या. पण तळेघरच्या परिसराचा इतिहास पाहिला, की या सिद्धान्तातील पोकळपणा उघड होतो.

याच सह्याद्रीच्या रांगांत महादेव कोळ्यांनी सावकारशाही व इंग्रज सत्ता यांविरुद्ध शस्त्र उचलले. त्यांचे पुढारी राघोजी भांगरे यांस २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. सरकारी कागदांत या लढवय्यांना दरोडेखोर म्हटले गेले. परंतु १८५७ चा वणवा पेटताच त्याच सरकारने नटॉल या अधिकाऱ्याच्या हाताखाली कोळ्यांची पलटण उभी केली, आणि गरज संपताच १८६१ साली ती मोडून टाकली. तेरा वर्षांत एकच समाज दरोडेखोर, सैनिक आणि पुन्हा निरुपयोगी ठरला. त्याचे रक्त बदलले नव्हते. राज्यकर्त्यांची गरज तेवढी बदलली होती.

महारांची कथा याहून निराळी नाही. १ जानेवारी १८१८ रोजी कॅप्टन स्टाँटनच्या नेतृत्वाखालील कंपनीच्या तुकडीने कोरेगाव येथे पेशव्यांच्या कितीतरी मोठ्या फौजेस दिवसभर थोपवून धरले. या तुकडीत अनेक जातिधर्मांचे शिपाई होते आणि महारांचा भरणा त्यांत मोठा होता. स्तंभावर कोरलेल्या मृत शिपायांच्या नावांपैकी बावीस नावे ‘नाक’ या प्रत्ययाची, म्हणजे महारांची आहेत. ज्या पेशवाईत अस्पृश्याच्या सावलीचाही विटाळ मानला जाई, तिच्या अस्ताच्या लढाईत ही नावे दगडावर कोरली गेली, हे त्यांचे महत्त्व. तथापि, इंग्रजांनी आपले साम्राज्य वाढविण्यासाठी हे रक्त वापरले, हेही विसरता येत नाही. कारण एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात त्याच इंग्रजांनी महारांना ‘न-लढाऊ’ ठरवून सैन्यभरतीची दारे बंद केली.

हा घाव केवळ पोटावरचा नव्हता. लष्करात शाळा होती, शिस्त होती, पेन्शन होते आणि माणूस म्हणून ताठ उभे राहण्याची जागा होती. म्हणूनच निवृत्त सैनिक गोपाळबाबा वलंगकर यांनी १८९४ साली या बंदीविरुद्ध अर्ज सिद्ध केला. त्यात त्यांनी आपला समाज मूळचा क्षत्रिय असल्याचे प्रतिपादन केले. पुढे १९१० साली शिवराम जानबा कांबळे यांनी विलायत सरकारकडे अर्ज पाठविला. त्याचा भर पूर्वजांच्या कुळापेक्षा समान हक्कावर होता. या सोळा वर्षांतील वाटचाल आम्हांस फार मोलाची वाटते. “आम्हीही क्षत्रिय आहोत” येथून “आम्हीही माणसे आहोत” येथपर्यंत चळवळ आली होती. तरी १९१७ साली महायुद्धाच्या निकडीने महारांची पलटण उभारली गेली आणि १९२१ साली ती मोडली गेली. कोळी पलटणीचीच ही पुनरावृत्ती होय.

धम्माने राष्ट्र दुबळे केले काय?

पौरुषाच्या या राजकारणात बौद्ध धम्मासही आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्यात आले. बौद्धांच्या अहिंसेमुळे हिंदुस्थानचा प्रतिकार खचला, असा आरोप अनेकांनी केला. वि. दा. सावरकरांनी ‘सहा सोनेरी पाने’ या १९६३ च्या ग्रंथात तो अत्यंत तीव्रपणे मांडला.

या आरोपाचे उत्तर महाराष्ट्रातील लेणीच देतात. गौतमीपुत्र सातकर्णीने शक, यवन व पल्हव यांचा नाश केला, हे त्याच्या पराक्रमाचे वर्णन कोठे कोरले आहे? नाशिकच्या बौद्ध लेण्यात. कोरविले कोणी? त्याची माता गौतमी बलश्री हिने, भदायनीय भिक्षुसंघाला लेणे दान देताना. त्याचा प्रतिस्पर्धी क्षहरात नहपान. त्याचा अमात्य अयम याचे दान जुन्नरच्या मानमोडी डोंगरावरील लेण्यांत नोंदलेले आहे. रणांगणावर एकमेकांशी झुंजणाऱ्या दोन्ही बाजू धम्मापुढे नम्र होत होत्या. धम्माने त्यांना दुबळे केले नाही. शस्त्रापलीकडेही माणसाचे मोठेपण असते, हे मात्र शिकविले.

जुन्नरच्या लेखांत इरिल नावाच्या यवनाने दोन पोढ्या, म्हणजे पाण्याची टाकी, दान दिल्याची नोंद आहे. एका लेखात धम्मुत्तरीय भिक्षुणींच्या निवासाचा उल्लेख आहे. परका आणि स्त्री या दोघांनाही जेथे स्थान होते, असा तो समाज होता. शिवनेरीच्या ज्या डोंगरावर १६३० साली शिवरायांचा जन्म झाला, त्याच डोंगराच्या कुशीत ही लेणी आहेत. किल्ल्यावर जाणाऱ्या किती जणांना त्यांची माहिती असते?

बाबासाहेबांनी दिलेले माप

डॉ. बाबासाहेब आंबेडकर हे सुभेदार रामजी सकपाळांचे पुत्र. लष्कराची परंपरा त्यांच्या घरातच होती. १ जानेवारी १९२७ रोजी ते कोरेगावच्या स्तंभापुढे उभे राहिले. १९४१ साली ते संरक्षण सल्लागार समितीवर आले आणि त्याच वर्षी महार रेजिमेंट स्थापन झाली. समाजाला सैन्यात जागा मिळावी, यासाठी त्यांनी शर्थ केली. हक्क म्हणून ती जागा त्यांना हवीच होती.

परंतु शौर्याचे माप त्यांनी दुसरीकडे शोधले. २० मार्च १९२७ रोजी महाडास चवदार तळ्याचे पाणी घेतल्यानंतर परतणाऱ्या लोकांवर सनातन्यांनी हल्ला केला. त्या वेळी बाबासाहेबांच्या भोवती महायुद्धात लढलेले सैनिक होते. एका शब्दासरशी ते तुटून पडले असते. तो शब्द बाबासाहेबांनी उच्चारला नाही. लढा न्यायालयात नेला आणि दहा वर्षे चिकाटीने लढविला. १९३७ साली उच्च न्यायालयाने निकाल अस्पृश्यांच्या बाजूने दिला. हात उचलण्याची ताकद नसलेल्या माणसाचे गप्प बसणे वेगळे आणि ती ताकद असलेल्याने आपला हात आवरणे वेगळे. पहिल्यास आम्ही भीरुता म्हणू. दुसऱ्यास शील म्हणावे लागेल.

याच विचाराची परिणती ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात झाली. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य संघाने कोलियांशी युद्ध पुकारले, तेव्हा सिद्धार्थाने एकट्याने विरोध केला आणि संघाच्या शिक्षेस सामोरे जाऊन परिव्रज्या स्वीकारली, असे बाबासाहेबांनी मांडले. हा पळपुटेपणा नव्हता. सारा समाज शस्त्र उचलीत असता नकार देण्यास अधिक धैर्य लागते. त्याच ग्रंथात त्यांनी हत्येची इच्छा व हत्येची अपरिहार्यता यांत भेद केला आणि अहिंसा हे आंधळे बंधन नसून विवेकाने पाळावयाचे तत्त्व असल्याचे दाखविले.

या मापात स्त्रीही बसते. जुलै १९४२ मध्ये नागपूरच्या महिला परिषदेत बाबासाहेबांनी समाजाची प्रगती स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजण्याचा विचार मांडला, आणि हिंदू कोड बिल रखडल्यावर १९५१ साली मंत्रिपद सोडले. १८९१ साली मुलीच्या देहावर उभारलेल्या राष्ट्राभिमानाला हे खरे उत्तर होते.

आज कोरेगावी लाखो बांधव अभिवादनास जातात. १ जानेवारी २०१८ रोजी, लढाईच्या द्विशताब्दीच्या दिवशी, तेथे हिंसाचार घडला. तो विसरता येणार नाही. पण आमच्या तरुणांना आमचे सांगणे आहे, की स्तंभापुढे नतमस्तक होताना ‘आमचे रक्त लढवय्याचे’ एवढेच मनात आणू नये. रक्ताच्या शुद्धाशुद्धतेच्या याच विचाराने आपल्याला गावकुसाबाहेर ठेवले होते. शत्रूचे माप हाती घेऊन आपण कितीही उंच भरलो, तरी माप त्याचेच राहते. त्या बावीस नावांना वंदन करावे, आणि मग जुन्नरच्या लेण्यांकडेही जावे. तेथे एका परक्या माणसाने तहानलेल्यांसाठी खोदविलेली पाण्याची टाकी पाहावीत. माणुसकीचे माप तेथे मिळेल.