भामपासून पांढरकवड्यापर्यंत: भोसले घराण्यातल्या एका खुनाची गोष्ट



रात्री जेवणं आटोपली की आपल्याकडे घरोघरी एखादी हिंदी थ्रिलर लागते. मोठा वाडा असतो, दुबळा वारस असतो, तिजोरीच्या किल्ल्या सांभाळणारी सावत्र आई असते आणि गोड बोलणारा चुलतभाऊ असतो. एका सकाळी वारस अंथरुणात मेलेला सापडतो. चुलतभाऊ नेमका त्या दिवशी गावाला गेलेला असतो. पाचव्या मिनिटाला आपण म्हणतो, "यानंच केलं!" आणि तरीही पुढचे वीस भाग बघत बसतो.

आजची गोष्ट अगदी अशीच आहे, फक्त ती कुणी लिहिलेली नाही. ती घडली नागपूरकर भोसल्यांच्या घरात. आणि तिचा पहिला आणि शेवटचा अंक या दोन्हींना जागा मिळाली आपल्या यवतमाळ जिल्ह्यात. म्हणून आजचा भाग.

पहिला अंक: भाम आणि मंदर

सुरुवात करूया यवतमाळच्या दक्षिणेकडच्या भाम या गावापासून. आज हे नाव फार लोकांना ठाऊक नाही. पण अठराव्या शतकाच्या सुरुवातीला वऱ्हाडातली भोसल्यांची राजधानी नागपूर नव्हती, भाम होती. शाहू महाराजांनी परसोजी भोसल्यांना 'सेनासाहेबसुभा' हा किताब दिला होता. परसोजी 1709 मध्ये वारले आणि किताब त्यांच्या मुलाकडे, कान्होजींकडे आला. कान्होजी भामला राहून कारभार बघत.

कान्होजींना बरीच वर्षं मूल नव्हतं. घरातलाच एक पुतण्या त्यांनी जवळ केला. त्याचं नाव रघूजी. वडील लहानपणीच गेलेले, मुलगा हुशार आणि धाडसी. काकांनी त्याला मुलासारखं वाढवलं. मग काय झालं असेल? तुम्ही ओळखलंच. कान्होजींना मुलगा झाला, रायाजी. घरातली हवा बदलली आणि रघूजींनी भाम सोडलं. देवगडच्या गोंड राजाकडे, मग एलिचपूरच्या नवाबाकडे चाकरी करत ते शेवटी साताऱ्याला पोचले आणि शाहू महाराजांच्या मर्जीत बसले. इतके, की महाराजांनी आपल्या राणीच्या माहेरची, शिर्क्यांच्या घरातली मुलगी त्यांना दिली.

इकडे कान्होजी साताऱ्याला हिशेब देईनात, पैसे पाठवीनात. तेव्हा महाराजांनी किताब काढून रघूजींना दिला आणि काकांवर पाठवलंही त्यांनाच. ही 1730 च्या आसपासची गोष्ट. ज्या घरात वाढले, त्याच भामला रघूजींनी वेढा घातला. कान्होजी निसटले, पण वणीजवळ मंदर इथे पकडले गेले. त्यांची रवानगी साताऱ्याला कैदेत झाली आणि तिथून ते परतले नाहीत.

नागपूरचं राज्य उभं राहिलं ते इथून. कटक आणि बंगालपर्यंत धाक बसवणाऱ्या पहिल्या रघूजींच्या कारकिर्दीची पहिली मोठी लढाई स्वतःच्या काकाशी होती. हे लक्षात ठेवा, कारण पुढच्या प्रत्येक पिढीत हे पुन्हा येणार आहे.

दुसरा अंक: पाचगावची गोळी

रघूजी 1755 मध्ये गेले. मागे चार मुलगे होते: जानोजी, साबाजी, मुधोजी आणि बिंबाजी. जानोजी गादीवर आले. त्यांना मूल नव्हतं, म्हणून त्यांनी मुधोजींचा मुलगा दत्तक घेतला. तोही रघूजीच. 1772 मध्ये जानोजी वारले आणि साबाजी विरुद्ध मुधोजी असा उघड सामना सुरू झाला.

26 जानेवारी 1775. नागपूरजवळ पाचगावला दोन भावांच्या फौजा भिडल्या. साबाजींची बाजू वरचढ झाली होती आणि मुधोजी घेरले गेले होते. साबाजी हत्तीवरून भावाच्या समोर आले, लढाई जिंकली असं समजून. मुधोजींनी पिस्तूल काढून जवळून गोळी झाडली. साबाजी जागीच गेले आणि लढाई तिथंच फिरली. पुढे मुधोजींनी आपल्या मुलाच्या, म्हणजे दुसऱ्या रघूजींच्या नावानं राज्य चालवलं.

यात एक गोष्ट बघा. पाचगावला जे झालं ते हजारो लोकांच्या डोळ्यांदेखत झालं. भावानं भावाला मारलं, हे कुणी लपवलं नाही, कुणी नाकारलं नाही. आपण ज्याला कुटुंबाचं गुपित म्हणतो, तो प्रकार पुढच्या पिढीत आला.

तिसरा अंक: 1 फेब्रुवारी 1817

दुसरे रघूजी मार्च 1816 मध्ये वारले. वारस होता त्यांचा एकुलता एक मुलगा परसोजी, मूळ पुरुषाच्याच नावाचा. पण हा परसोजी दृष्टीनं अधू, शरीरानं दुबळा आणि कारभार समजण्याच्या स्थितीत नव्हता. त्याच्या नावानं राज्य कोण चालवणार, एवढाच प्रश्न होता.

एका बाजूला बाकाबाई, रघूजींची राणी आणि परसोजीची सावत्र आई. तिच्यासोबत धर्माजी भोसले, रघूजींचा दासीपुत्र. जडजवाहीर आणि खजिना त्याच्या ताब्यात. दुसऱ्या बाजूला मुधोजी उर्फ आप्पासाहेब, परसोजीचे सख्खे चुलतभाऊ. पाचगावच्या मुधोजींचे हे नातू. आजोबांचं नावही त्यांच्याकडे आलं होतं.

आप्पासाहेबांनी आधी धर्माजीला कैद केलं. थोड्याच दिवसांत तो मारला गेला. खजिना हाती आला, कारभारही आला. पण घरातले विरोधक होतेच, म्हणून आप्पासाहेबांनी बाहेरचा आधार शोधला. 27 मे 1816 च्या रात्री, दरबाराला पत्ता लागू न देता, त्यांनी इंग्रजांशी तैनाती फौजेचा तह केला. फौजेचा खर्च वर्षाला साडेसात लाख रुपये. पहिल्या रघूजींपासून जे कुणी केलं नव्हतं, ते घरातल्या भांडणापायी एका रात्रीत झालं.

पुढच्या जानेवारीत आप्पासाहेब चांद्याला गेले. 1 फेब्रुवारी 1817 ला सकाळी नागपूरच्या वाड्यात परसोजी अंथरुणात मृत सापडला. त्याची पत्नी काशीबाई सती गेली. आप्पासाहेब परत आले आणि गादीवर बसले.

कुजबूज झाली नसेल असं नाही. पण नागपुरातला इंग्रज रेसिडेंट रिचर्ड जेन्किन्स यानं तेव्हा चौकशी मांडली नाही. कंपनीनं आप्पासाहेबांना राजा म्हणून मान्यता दिली. तैनाती तहावर सही करणारा माणूस गादीवर आला होता. कंपनीला अडचण काय असणार?

गुपित कधी उघडलं?

माझ्या मते या गोष्टीतला खरा प्रश्न इथे आहे. मालिकेत आपण विचारतो, खून कुणी केला? इतिहासात त्याच्या जोडीला आणखी एक प्रश्न विचारावा लागतो: खून झाला असं कुणी, केव्हा म्हटलं?

राजे झाल्यावर आप्पासाहेबांना त्या तहाचा फास जाणवू लागला. त्यांनी दुसऱ्या बाजीराव पेशव्यांशी गुप्त पत्रव्यवहार सुरू केला. 5 नोव्हेंबर 1817 ला खडकीची लढाई झाली. नोव्हेंबरच्या 26 आणि 27 तारखेला नागपूरच्या सीताबर्डीच्या टेकडीवर आप्पासाहेबांची फौज इंग्रजांशी लढली आणि हरली. जानेवारीत त्यांना अपमानाच्या अटी मान्य कराव्या लागल्या. आणि 15 मार्च 1818 ला जेन्किन्सनं त्यांना अटक केली. आरोप दोन: पेशव्यांशी पुन्हा संधान आणि परसोजीचा खून.

म्हणजे बघा. मृत्यूला तेरा महिने उलटून गेले होते. मधल्या काळात आरोपी राजा होता, दोस्त होता. तो शत्रू झाल्यावर साक्षी-पुरावे गोळा झाले आणि परसोजीला गळा दाबून मारल्याचं समोर आलं.

याच्या शेजारी पुण्याची गोष्ट ठेवा. 30 ऑगस्ट 1773 ला नारायणराव पेशव्यांचा शनिवारवाड्यात खून झाला. संशय काकांवर, रघुनाथरावांवर. रघुनाथराव पेशवे झाले होते, सत्ता त्यांच्या हातात होती, आणि तेव्हाच रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी करून त्यांना दोषी ठरवलं. रामशास्त्रींनी सत्तेत असलेल्या माणसाला प्रश्न विचारला. जेन्किन्सनं सत्ता गेलेल्याला विचारला. दोन्हीकडे उत्तर खरं असू शकतं, पण दोन्हींचं वजन सारखं नाही.

शेवटचा अंक: पांढरकवडा

आता पुन्हा आपल्या जिल्ह्यात येऊ. आप्पासाहेबांच्या मदतीच्या आशेनं आणि चांद्याकडे जाण्याच्या बेतानं बाजीराव वणी-पांढरकवड्याच्या मुलखात आले. पण तोवर आप्पासाहेब कैदेत होते. 17 एप्रिल 1818 ला पांढरकवड्याजवळ शिवणीला कर्नल अ‍ॅडम्सच्या फौजेनं पेशव्यांना गाठलं. तोफा, हत्ती, उंट, खजिना सगळं सोडून बाजीराव घोड्यावरून निसटले. 3 जून 1818 ला त्यांनी माल्कमसमोर शरणागती पत्करली.

बाजीराव कुणाचे मुलगे? रघुनाथरावांचे. त्यांचा जन्म 10 जानेवारी 1775 चा, पाचगावच्या लढाईच्या बरोबर सोळा दिवस आधीचा. पुतण्याच्या खुनाचा डाग असलेल्या बापाचा मुलगा, चुलतभावाच्या खुनाचा आरोप असलेल्या राजाला भेटायला निघाला होता, आणि ती भेट झालीच नाही.

आप्पासाहेबांना प्रयागला नेत असताना जबलपूरजवळून ते शिपायाच्या वेषात पळाले. महादेवाच्या डोंगरात गोंडांच्या साथीनं लढले, मग पंजाबकडे गेले आणि शेवटी जोधपूरच्या आश्रयाला राहिले. 1840 मध्ये तिथेच वारले. नागपूरच्या गादीवर इंग्रजांनी दुसऱ्या रघूजींच्या मुलीचा लहान मुलगा बसवला आणि वाड्याची सूत्रं आली बाकाबाईंकडे. 1853 मध्ये तो राजा निपुत्रिक वारला आणि राज्य खालसा झालं.

आता तुम्ही विचाराल, आप्पासाहेब वीर की खुनी? नागपूर-विदर्भात सीताबर्डीच्या लढाईचा अभिमान आहे आणि तो असावा. पण त्या अभिमानासाठी आंधळ्या परसोजीला आणि काशीबाईला विसरायची गरज नाही. आणि परसोजीची आठवण काढताना, त्याच्या मरणाचा उपयोग करून घेणाऱ्या कंपनीला न्यायाधीश मानायचीही गरज नाही. आरोप सोयीनं पुढे आला म्हणून तो खोटा ठरत नाही. आणि आरोप खरा असला म्हणून करणाऱ्याचा हेतू शुद्ध ठरत नाही. या दोन गोष्टी एकत्र धरून ठेवायला जड जातात, पण इतिहास वाचायचा तर तेवढं करावं लागतं.

कधी वणीकडे गेलात तर मंदरला जरा थांबा. पुतण्यानं काकाला इथे गाठलं होतं. तिथून पांढरकवडा काही फार लांब नाही.

आज इथेच थांबतो. तुमच्या गावात भोसल्यांच्या काळाच्या काही आठवणी, घरात सांगितल्या जाणाऱ्या गोष्टी असतील तर जरूर कळवा. भेटूया पुढच्या भागात. नमस्कार.