दिनविशेषाचा फळा

आपल्या ग्रंथालयात शिरताना डाव्या हाताला, वर्तमानपत्रांच्या टेबलामागे जो काळा फळा आहे, त्यावर रोज सकाळी ‘दिनविशेष’ लिहिण्याचे काम प्रस्तुत लेखकाने बरीच वर्षे केले. फळ्यावर जागा चार ओळींची. वरच्या ओळीत तिथी-वार, सर्वांत खाली व्याख्यान वा सभेची सूचना; इतिहासाच्या वाट्याला उरतात दोनच ओळी. वर्षातील कोणतीही तारीख घ्या, तिला चिकटलेल्या घटना डझनांनी सापडतात. त्यांतल्या दोन ठेवायच्या आणि बाकीच्यांना वर्षभर थांबवायचे, हे काम वरून दिसते तितके कारकुनी नाही. शंभर वर्षांत ग्रंथालयाने काय जमवले याचा हिशेब या अंकात इतर लेखक मांडतीलच. मला या दोन ओळींचा हिशेब द्यावासा वाटतो.

पहिली अडचण खुद्द तारखेची. निजामी राजवटीत हिजरी, शके, इसवी आणि फसली अशा कालगणना शेजारी शेजारी नांदत होत्या. फसलीचे महिने दै, बहमन, तीर, मेहेर असे इराणी नावांचे. त्या सनावरून इसवी सन काढताना महिना पाहून ५९० किंवा ५९१ मिळवावे लागतात, आणि घाईत एक वर्ष हमखास चुकते. शिवजयंतीचा वाद तर सर्वांना ठाऊक आहे. वैशाख शुद्ध द्वितीया, शके १५४९ ही जुनी मान्यता. लोकमान्य टिळकांनी १९१६ साली पुढे आणलेल्या जेधे शकावलीत मात्र फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१ अशी नोंद मिळाली. त्यावरून निघणारी १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख शासनाने मान्य केली खरी, परंतु ती जुन्या ज्युलियन पद्धतीची आहे. आजच्या पद्धतीने तोच दिवस १ मार्चला येतो. मी फळ्यावर १९ फेब्रुवारीच लिहीत आलो. सर्व लोक ज्या दिवशी एकत्र येतात तो दिवस गणिताच्या हट्टापायी हलवू नये, असे माझे मत आहे.

पानिपताची गंमत याहून वेगळी. १४ जानेवारी १७६१ ही तारीख निर्विवाद आहे. पण ती आपल्या मनात इतकी पक्की बसली याचे एक कारण, आज संक्रांत त्याच सुमारास येते आणि ‘मराठ्यांवर संक्रांत कोसळली’ हे वाक्य आपोआप जुळते. प्रत्यक्षात संक्रमणाचा दिवस हळूहळू पुढे सरकत असल्याने त्या वर्षी संक्रांत जानेवारीच्या दहा-अकरा तारखेच्या आसपास होऊन गेली होती. माझ्या फळ्यावर १४ जानेवारीला वर्षानुवर्षे पानिपत एकटेच होते. १९९४ साली याच तारखेला मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव जोडले गेले, तेव्हा दुसऱ्या ओळीला धनी मिळाला.

खरी कसोटी लागते ती एकाच दिवशी दोन दावेदार उभे राहिले म्हणजे. १ ऑगस्ट १९२० रोजी मुंबईत टिळकांचे देहावसान झाले आणि त्याच दिवशी वाटेगावात अण्णा भाऊ साठे जन्मले. वर्ष, महिना, दिवस सारे एक; तरी कित्येक वर्षे फळ्यावर टिळकच एकटे होते आणि यात काही उणे आहे असे माझ्याही ध्यानात आले नाही. ‘फकिरा’ परत करायला आलेल्या एका विद्यार्थ्याने ते विचारले. मी निरुत्तर झालो आणि खडू उचलला.

२८ सप्टेंबरची गोष्टही अशीच. त्या दिवशी लता मंगेशकरांचा जन्मदिवस लिहिला की सारे प्रसन्न असत. परंतु १९०८ साली त्याच दिवशी मुसी नदीने हे शहर धुऊन नेले, हजारो माणसे बुडाली; अफजलगंज दवाखान्याच्या आवारातील एका चिंचेवर चढून सुमारे दीडशे जण वाचले. त्या पुरामुळेच विश्वेश्वरय्या इथे आले आणि पुढे उस्मानसागर व हिमायतसागर झाले. पिढ्यान्‌पिढ्या त्या तलावांचे पाणी प्यायलेल्या आम्हा मराठी मंडळींच्या फळ्यावर मुसी कधी आली नव्हती. आम्ही राहत होतो हैदराबादेत आणि दिनविशेष लिहीत होतो पुण्याचे.

आता १७ सप्टेंबर. १९४८ साली त्या दिवशी निजामांनी नभोवाणीवरून युद्धबंदी जाहीर केली आणि स्वामी रामानंद तीर्थ तुरुंगातून सुटले. जनरल चौधरींपुढे रीतसर शरणागती दुसऱ्या दिवशी झाली. या एका दिवसाला नावे मात्र अनेक. महाराष्ट्रात तो मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन. २०२२ साली याच शहरात केंद्र शासनाने तो हैदराबाद मुक्ती दिन म्हणून, तर राज्य शासनाने राष्ट्रीय एकात्मता दिन म्हणून पाळला. २०२४ साली राज्याने त्याला प्रजापालन दिन म्हटले.

माझ्या घरापुरता प्रश्न सोपा होता. माझ्या आजोबांनी रझाकारांच्या भयाने नांदेडकडचे घर सोडून उमरखेडच्या बाजूला आसरा घेतला होता. ‘मुक्ती’ हा शब्द आमच्याकडे पुस्तकातून आलेला नव्हता. १९९८ साली, घटनेला पन्नास वर्षे झाली तेव्हा, मी फळ्याच्या दोन्ही ओळी मुक्तिदिनाला देऊन टाकल्या. लातूरकडचे एक वयोवृद्ध मुसलमान सभासद रोज मराठी वर्तमानपत्र वाचायला येत. ते फळ्यासमोर बराच वेळ उभे राहिले. मग माझ्याजवळ येऊन म्हणाले, “तारीख बरोबर आहे तुमची. पण त्याच आठवड्यात आमचे अब्बा गेले. रझाकार नव्हते ते. शाळेत गणित शिकवायचे.”

पंडित सुंदरलाल यांच्या समितीने १९४८ च्या अखेरीस संस्थानात फिरून त्या दिवसांतील कत्तलींचा अहवाल दिला होता; तो अनेक दशके लोकांपुढे आला नाही. तेव्हाच्या उस्मानाबाद, बीदर, गुलबर्गा, नांदेड या जिल्ह्यांना त्याची सर्वाधिक झळ लागली होती. निजामावर टीका करणारे आणि विलीनीकरणाची बाजू घेणारे उर्दू पत्रकार शोएबुल्ला खान यांना त्याआधी, ऑगस्ट १९४८ मध्ये, रझाकारांनी मारले होते, हेही तोवर माझ्या फळ्यावर कधी आले नव्हते.

पुढच्या वर्षी पहिल्या ओळीत ‘हैदराबाद मुक्तिसंग्राम : निजामांची युद्धबंदी, १९४८’ एवढे ठेवले. तो शब्द काढावा असे मला वाटले नाही. तुरुंगात गेलेल्यांनी तो मिळवला आहे. दुसऱ्या ओळीत लिहिले : ‘त्या दिवसांत खेड्यापाड्यांत मारल्या गेलेल्या सर्व निरपराधांचे स्मरण.’ कार्यकारिणीच्या बैठकीत यावर पाऊण तास चर्चा झाली. कोणी म्हणाले, हा शुभदिन आहे. कोणी म्हणाले, ओळ राहू द्या. ओळ राहिली.

एक तक्रार मात्र रास्त होती. १७ सप्टेंबर हा प्रबोधनकार ठाकरे यांचा जन्मदिवस. त्यांची ग्रंथालयातील पुस्तके सतत फिरत असतात, आणि त्यांच्यासाठी आता जागाच उरली नव्हती. त्यांची नोंद तेव्हापासून २० नोव्हेंबरला, पुण्यतिथीच्या दिवशी, घेऊ लागलो.